बारा रुपयांचं जेवण

मुंबईत आजही बारा रुपयांत पोटभर जेवता येतं, असं जुलै २०१३ मध्ये काँग्रेसचे तेव्हाचे प्रवक्ते राज बब्बर म्हणाले होते. वडापाव नव्हे हं, डाळ-भात, सांबार, भाजी! त्यांचेच पक्षबंधू रशीद मसूद यांनी दिल्लीत तर पाच रुपयांत भागवलं. मुंबईतल्या चारकोपच्या नाक्यावर तेव्हा वडापाव खाऊन वर कटिंग घेतला तरी बारा रुपये पुरत नव्हते. व्यंगचित्रं आली, विनोद फिरले, बब्बर यांनी दिलगिरी व्यक्त केली आणि विषय मिटला.

तो मिटायला नको होता. शहरात माणशी दिवसाला ३३ रुपये ३३ पैशांहून जास्त खर्च करणारा गरीब नाही, असं नियोजन आयोगाने त्याच आठवड्यात सांगितलं होतं आणि त्याच आकड्याची पाठराखण करताना हे बारा रुपये निघाले. पुढच्या वर्षी रंगराजन समितीने तो आकडा ४७ वर नेला. त्यावर बारा रुपयांइतकं कुणी हसलं नाही, चिडलंही नाही.

चारकोपमध्ये हे फार बोचतं. म्हाडाने जागतिक बँकेच्या मदतीने इथे अल्प उत्पन्नाच्या कुटुंबांना छोटे भूखंड दिले आणि लोकांनी पै पै जोडून आधी खोली, मग माळा उभा केला. या गल्ल्यांतून सकाळीच पोळ्या लाटायला, धुणीभांडी करायला बायका निघतात. तूरडाळ पाव किलोने, तेलाची छोटी पिशवी, महिनाअखेरीला वाण्याची वही. आमटीत किती पाणी वाढवलं तर मुलांच्या लक्षात येत नाही, हे त्यांना नेमकं ठाऊक असतं.

सवलतीच्या रेशनसाठी शहरी कुटुंबाची उत्पन्नमर्यादा महाराष्ट्रात त्याच २०१३ मध्ये ठरली : वर्षाला ५९ हजार. म्हणजे महिन्याला पाच हजारांच्याही आत. चार घरची कामं धरली की बाई त्या रेषेच्या वर जाते आणि धान्याला मुकते. चेष्टा पुढाऱ्याची झाली, चटका तिला बसला.

पुढाऱ्यांची टवाळी जरूर व्हावी. कुणाकडे कोट्यवधींची मालमत्ता असणं हा गुन्हा नाही. पण ज्याने डाळ कधी पाव किलोने घेतली नाही, त्याने गरिबीची रेषा आखावी, हा अन्याय आहे. पुढच्या वेळी मतं मागायला कुणी चारकोपच्या सेक्टरात आलं, तर पाच जणांच्या घराला महिन्याला किती लागतात हे त्याला विचारा आणि रेशनची मर्यादा किती करणार, ते चारचौघांत वदवून घ्या.