बोटाचा हिशेब

लहानपणापासून मला साखर आवडते; अलीकडे साखरेलाही मी आवडू लागलो आहे. निवृत्तीनंतर कट्ट्याला येऊन सुखाने गजाली मारत बसावं, एवढीच माझी महत्त्वाकांक्षा. पण डॉक्टरांनी ग्लुकोमीटर घ्यायला लावला आणि रोज सकाळी उपाशीपोटी बोट टोचायला सांगितलं.

यंत्र एकदाच घ्यायचं असतं. खरा खर्च पट्टीचा. मला ती वीस रुपयांना पडते आणि थेंबभर रक्त प्याली की संपली! आम्ही कोकणातली माणसं नारळाची करवंटीसुद्धा बंबाखाली घालतो. वीस रुपयांची वस्तू पाच सेकंदांत टाकायची, हे सुईपेक्षा जास्त टोचतं.

म्हणून मी काटकसर सुरू केली. पथ्य पाळलं की दुसऱ्या दिवशी तपासायचं. आदल्या रात्री शिरवाळे-रस झाला असेल, तर आकडा वाढणार हे ठाऊकच आहे. मग पट्टी कशाला फुकट घालवा? वहीत १०४, १०८, ११० असे गुणी आकडे उभे राहिले. डॉक्टर खूष झाले आणि त्या खुषीतच त्यांनी एचबीएवनसी करायला सांगितली. ही तपासणी म्हणजे चहाडखोर शेजारीण. मागच्या दोन-तीन महिन्यांतलं सगळं सांगून टाकते. आकडा आला ९.२!

डोंबिवलीहून मुलाचा फोन. ‘‘बाबा, पट्ट्यांची बिलं पाठवा. मेडिक्लेम कशासाठी काढलाय?’’

पाठवली. उत्तर आलं, की रुग्ण इस्पितळात दाखल नसल्यामुळे खर्च देता येत नाही. मेडिक्लेम आपल्याकडे १९८६ साली आला तो मुळात दाखल होणाऱ्यांसाठीच. साध्या पॉलिसीत चोवीस तास तरी खाट अडवावी लागते. मात्र दाखल होण्याआधीच्या तीस दिवसांतल्या त्याच आजाराच्या तपासण्या चालतात. म्हणजे कधी आडवं व्हायचं ते महिनाभर आधी ठरवलं, तर थोडेफार पैसे सुटतील!

ही कर्मकथा मी शेजारच्या बाबीला सांगितली. साखरेपायीच गेल्या वर्षी त्याच्या पायाचं बोट कापावं लागलं. तो काठी टेकून लोट्यावर बसला आणि म्हणाला, ‘‘मास्तरांनू, माझा बोट कापल्यानी तेवा कंपनीन सगळा बिल भरल्यान. बोट कापूक पैसे आसत, टोचूक नाय!’’

मी हसलो. मग त्याच्या चपलेकडे लक्ष गेलं आणि हसू थांबलं.

सौभाग्यवती दारात उभी राहून ऐकत होती. त्याच संध्याकाळी तिने वही ताब्यात घेतली. ‘‘अहो, तुमच्या बाजारातल्या भजीचे पैसे आजपासून पट्ट्यांना. आणि टोचायचं ते चोरून खाल्लेल्या दिवसानंतरच. पथ्याचा दिवस मला तोंडावरून कळतो.’’

तेव्हापासून वहीत खरे आकडे आहेत. भजी बंद, पट्ट्या चालू. क्लेम मंजूर झाला म्हणायचा. फक्त कंपनी घरातली आहे, आणि हप्ता मी भरतो.