एका शेताचे दोन धनी

एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत, हे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. परंतु एका शेतात दोन उपकरणे राहत नाहीत, हे कळावयास आम्हांस वयाची पन्नाशी उलटावी लागली. रात्रीचे पावणेतीन वाजलेले असतात. पुण्यातील आमच्या घरी निजानीज झालेली असते. आम्ही मोबाइलच्या पडद्यावरील पिकलेला गहू बोटाने कापीत असतो. आणि इतक्यात तो सबंध देखावा मावळून सूचना उमटते की, दुसऱ्या एका उपकरणावरून या शेतात प्रवेश होत आहे. एखाद्या आगंतुकास धन्याने बांधावरून परत लावावे, तसे आम्ही आमच्याच शेतातून बाहेर काढले जातो. हा अपमान आम्ही निमूटपणे गिळतो. कारण ते दुसरे उपकरण कोठे आहे, हे आम्हांस पक्के ठाऊक असते. ते वाईस, कृष्णेच्या घाटापासून हाकेच्या अंतरावरील एका जुन्या घरात, माजघरातील पलंगावर, ७८ वर्षांच्या एका बाईच्या मांडीवर असते. ती बाई म्हणजे आमची आई.

या प्रकाराचा पूर्वेतिहास थोडक्यात सांगणे अवश्य आहे. २०२० च्या मार्च महिन्यात शाळा बंद झाल्या म्हणून आमचे चिरंजीव चार दिवसांकरिता आजीकडे गेले, आणि २५ मार्चपासून देशभर टाळेबंदी लागू झाल्याने तेथेच अडकले. शिरवळजवळची जी नीरा नदी आम्ही इतकी वर्षे मान वर करून न पाहता ओलांडीत असू, ती एकाएकी परमुलखाची सरहद्द होऊन बसली. त्या दिवसांत वेळ घालविण्यासाठी चिरंजीवांनी आजीच्या टॅबलेटवर ‘हे डे’ नावाचा खेळ उतरवून घेतला. फिनलंड देशातील हेल्सिंकी शहरी असलेल्या सुपरसेल नामक कंपनीने हा खेळ २०१२ साली काढला. त्यात लहानसे शेत असते, कोंबड्या व गाई असतात, धान्य साठवावयास उंच कणगी असते आणि माल विकावयास रस्त्याकडेला दुकान असते. पुढे वाट मोकळी झाली, चिरंजीव परत आले, पण शेत वाईसच राहिले. आज ते अभियांत्रिकीच्या विद्यालयात आहेत व त्या खेळाचे नाव काढताच लाजतात. आजीने मात्र नातवाची शेती सोडली नाही.

आमचा त्यात प्रवेश झाला तो एका अपघाताने. एके दिवशी टॅबलेट झोपाळ्यावरून पडला आणि त्याची काच फुटली. आईचा फोन आला तो काचेबद्दल नव्हता. “अरे, गाई उपाशी राहतील रे,” ती म्हणाली. आम्ही तिची समजूत घातली की, शेत टॅबलेटमध्ये नाहीच. ते दूर कोठे तरी कंपनीच्या यंत्रात सुरक्षित आहे. टॅबलेट ही केवळ त्याची खिडकी. चिरंजीवांनी खाते उघडताना पत्ता आमच्या ईमेलचा दिला होता. त्या पत्त्यावर सहा आकडी संकेत येतो, तो कोणत्याही उपकरणावर भरला की तेथे तेच शेत, त्याच गाई, तीच अर्धवट भरलेली कणगी जशीच्या तशी उघडते. काच बदलून येईपर्यंत आम्ही ते शेत आमच्या मोबाइलवर राखणीस घेतले. काच आठ दिवसांत आली. पण राखणीस ठेवलेल्या माणसाने आपण होऊन शेत सोडल्याचे उदाहरण इतिहासात विरळा. आम्हीही तो इतिहास मोडला नाही.

वास्तविक आमच्या घरी खरे शेत होते. कृष्णाकाठी तीन एकर जमीन होती. तीत ऊस, हळद, गहू ही पिके निघत. वडिलांच्या दुखण्यात २००९ साली ती विकावी लागली. ज्या बाईने गव्हाची चार चार महिने वाट पाहिली, आडसाली उसापायी सोळा सोळा, अठरा अठरा महिने धीर धरला, तिला हा खेळ पहिल्या दिवशी शुद्ध पोरखेळ वाटला असल्यास नवल नाही. येथे गहू दोन मिनिटांत पिकतो, मका पाच मिनिटांत, आणि ऊस अर्ध्या तासात कापणीस येतो. कोंबडी वीस मिनिटांनी अंडे देते, गाय तासाने दूध देते. पाऊस नाही, पाट नाही, पिकास पाणी पाजणे म्हणून नाहीच. पिकलेले पीक कोणी काढले नाही तरी वाळत नाही, कुजत नाही; धनी येईपर्यंत शहाण्या मुलासारखे उभे राहते. “असले पीक देवाने खरोखर दिले असते, तर तुझे बाबा इतक्या लवकर म्हातारे झाले नसते,” असे आई एकदा म्हणाली होती. ते तिने थट्टेने म्हटले होते, असे आम्ही धरून चाललो आहोत.

परंतु एका बाबतीत तो खेळ खऱ्या शेतीइतकाच कठोर आहे. एक दाणा पेरला की दोन मिळतात. त्यांतील एक बियाण्यास ठेवावा लागतो. सगळेच खर्चून टाकले, तर पेरावयास काही उरत नाही, आणि शेजाऱ्याच्या दुकानाची वाट धरावी लागते. हे शास्त्र आईस कोणी शिकवावे लागले नाही; आम्हांस मात्र ते ठेच लागून कळले. एका दुपारी कचेरीत जेवणाच्या सुटीत आम्ही कणगीतील सर्व गव्हाचे पाव भाजून टाकले. संध्याकाळी फोन आला. “अरे, बियाण्याचा दाणा कुणी दळतो का? दुष्काळातसुद्धा माणसे उपाशी निजत, पण बियाण्याच्या मडक्याला हात लावीत नसत!” आम्ही कचेरीत पंचवीस वर्षे हिशेब तपासण्यात घालविली आहेत, पण शिल्लक या शब्दाचा अर्थ आम्हांस त्या संध्याकाळी नव्याने कळला.

लेखकाने स्वतःस ‘आम्ही’ म्हणावे हा जुना प्रघात. कोणी त्यात अहंकार पाहतो, कोणी विनय पाहतो. या शेतात मात्र आम्ही शब्दशः ‘आम्ही’ आहोत. कंपनीच्या दप्तरी आई आणि मुलगा अशी दोन माणसे नाहीतच. तेथे एकच शेतकरी नोंदला आहे. तो कधी वाईहून येतो, कधी पुण्याहून; कधी दाणा दाणा जपतो, तर कधी उधळतो. त्या शेतकऱ्याच्या स्वभावातील विसंगती कोणी तपासू लागेल, तर तो बिचारा बुचकळ्यात पडेल. हळूहळू या दोन धन्यांत न बोलता वाटणी झाली. सकाळची अंडी तिची, दुपारचे दूध आमचे. निजण्यापूर्वी आम्ही नीळ लावून ठेवावी. ती दोन तासांत तयार होते, तेव्हा ज्याला प्रथम जाग येईल त्याने ती काढावी.

आणि जाग येऊ लागली. गेल्या पौषापासून रात्री दोन-अडीचला आमची झोप उडे. आम्ही मोबाइल उघडीत असू आणि काही वेळाने बाहेर काढले जात असू. हे एकदा घडले, दोनदा घडले, मग नित्याचेच झाले. त्या शेतात रात्र होत नाही. तेथे सदा लख्ख ऊन असते. वाईच्या त्या काळोख्या माजघरात आई एकटी, चेहऱ्यावर त्या परदेशी उन्हाचा उजेड घेऊन बसली आहे, असे चित्र आमच्या डोळ्यांपुढे उभे राही. रविवारच्या फोनवर आम्ही विचारीत असू, “झोप लागते ना?” ती म्हणे, “छान लागते. अगदी सहापर्यंत.” पडदा एक सांगत होता आणि आई दुसरेच. पूर्वी पत्रातील अक्षर हलले की घरच्या माणसाची प्रकृती कळत असे. आता उपकरणाच्या सूचनेवरून कळावयाची. पण पत्र लिहिणाऱ्याने आपण होऊन लिहिलेले असे. ही बातमी आई पाठवीत नव्हती, आम्ही ती चोरून वाचीत होतो.

शेवटी आमच्याने राहवेना. माघातील एका रविवारी आम्ही स्पष्टच विचारले, “आई, रात्री अडीच वाजता तू शेतात असतेस. झोप येत नाही का? एकटे वाटते का?” पलीकडे क्षणभर काहीच ऐकू आले नाही. नंतर ती म्हणाली, “बरं, बरं,” आणि भाजीचा विषय काढला.

त्या रात्रीपासून आम्हांस कोणी बाहेर काढले नाही. एक रात्र गेली, चार गेल्या, अकरा गेल्या. सकाळी अंडी गोळा केलेली दिसत, म्हणजे ती सुखरूप होती. परंतु रात्री ते शेत सर्वस्वी आमचे होते. ज्या सूचनेने आम्ही चिडत असू, तिची आम्ही पडद्याकडे टक लावून वाट पाहू लागलो. आपण पाहिले जातो हे कळल्यावर अभिमानी माणूस खिडकी लावून घेते. आईचा तोच एक विरंगुळा आम्ही चौकशीच्या पायी घालविला, असे वाटून आम्हांस फार लाज वाटली. मग शनिवार आला. आम्ही सकाळच्या एस. टी.ने वाईस गेलो.

जेवणे झाल्यावर आम्ही क्षमेची भाषा सुरू केली. तिने ती दोन वाक्यांच्या पलीकडे जाऊ दिली नाही.

“मला कसला राग? मला जाग येते ती पाण्याच्या पाळीची. कालव्याची पाळी रात्रीची, पंपाला वीज रात्रीची. तीस वर्षे तुझे बाबा दारे धरायला जात आणि मी कंदील घेऊन बांधावर उभी राहत असे. शेत गेले, पण जाग गेली नाही. आता येथे पाणी लागत नाही हे मला कळते, तरी दोन वाजले की डोळा उघडतो. जरा गहू काढते, पुन्हा निजते. माझे राहू दे. पण मी आत असले की तू येतोस, आणि मला बाहेर व्हावे लागते. अडीचलाही येतोस, साडेतीनलाही येतोस. मला वाटले, माझ्या नादाने हा जागतो. म्हणून मी रात्रीचे जाणे बंद केले. तरी पहाटे पाहावे, तर नीळ काढलेली. मग तू रे? तुला कसली पाळी आहे?”

खिडकीतून दोन्ही बाजूंनी दिसते, ही साधी गोष्ट आमच्या ध्यानातच आली नव्हती. जी सूचना वाईची बातमी पुण्यास आणीत होती, तीच पुण्याची बातमी वाईस नेत होती. रविवारच्या फोनवर आम्हीही “झोप छान लागते” असेच सांगत आलो होतो.

मग आम्ही तिला सांगितले. आमच्या जागेची यापुढे आवश्यकता नाही, असे कचेरीने आम्हांस पौषातच कळविले होते. तीन महिन्यांची मुदत होती, आणि तीतील दोन महिने सरत आले होते. हे आम्ही घरात सौभाग्यवतीसही सांगितले नव्हते. रोज डबा घेऊन निघावे, रोज वेळेवर परतावे आणि रात्री अडीचला दोन मिनिटांचा गहू पेरावा, असा आमचा क्रम चालला होता.

आईने सांत्वन केले नाही. तिने फक्त विचारले, “बियाणे दळून खाल्ले नाहीस ना?”

“नाही,” आम्ही म्हणालो. “थोडे आहे.”

“मग झाले. आज घरी गेलास की आधी सूनबाईला सांग.”

आम्ही सांगितले. त्याचा सविस्तर वृत्तान्त येथे देण्याचे कारण नाही. एवढेच सांगतो की, डबा करावा लागणार नाही, या बातमीने सौभाग्यवतीस वाटला त्याहून अधिक संताप, ती बातमी दोन महिने दडविल्याने आला. पुढे मुदत संपली. आता आम्ही दोन लहान दुकानांचे हिशेब घरी बसून लिहितो. ऊस अर्ध्या तासात कापणीस येत नाही, हे आम्ही जाणून आहोत.

रात्रीचा वहिवाटीचा क्रम पुन्हा सुरू झाला आहे. दोनच्या सुमारास बाहेर काढले गेलो की, आम्ही मोबाइल उशाशी ठेवून कूस बदलतो. वाईस पाण्याची पाळी सुरू झाली, एवढे कळले की पुरे होते. मात्र गेल्या पंधरवड्यात एका रात्री अडीच वाजले, तीन वाजले, चार वाजले, तरी सूचना उमटली नाही. नीळ तयार होऊन उन्हात उभी होती. आम्ही तिला हात लावला नाही. फोन करावा म्हणून चारदा उचलला आणि चारदा ठेवला. सव्वासहा वाजता फोन वाजला.

“अरे, आज नवलच झाले. एकदम उजाडल्यावरच जाग आली! नीळ काढलीस का?”

“नाही,” आम्ही म्हणालो.

“मग मी काढते. तू आता बाहेर हो.”

आणि आम्ही बाहेर झालो.