जुन्या जखमेची दुसरी नोंद

छातीच्या भिंतीला झालेली जखम भरते, टाके निघतात, डिस्चार्ज कार्ड घरच्या कपाटात जाऊन पडते. आणि काही महिन्यांनी किंवा काही वर्षांनी त्याच जागी उरलेली कळ, जाड झालेला वण अथवा चढावर अपुरा पडणारा श्वास घेऊन तोच रुग्ण बाह्यरुग्ण विभागात पुन्हा उभा राहतो. त्याच्या केस पेपरवर या वेळी कोणता निदान-संकेत पडावा, हा वैद्यकीय कोडिंगच्या कामातील अतिशय जबाबदारीचा प्रश्न आहे, कारण आजची तक्रार आणि तेव्हाची जखम यांचे नाते नोंदीत टिकणार की कायमचे तुटणार, हे त्याच उत्तरावर ठरते.

रोगांना आणि इजांना अक्षर व अंक यांचे संकेत देणारे जागतिक आरोग्य संघटनेचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण दहाव्या आवृत्तीच्या रूपात १९९० मध्ये मंजूर झाले. अमेरिकेने त्याचे अधिक तपशीलवार रूप १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू केले, आणि पुण्याच्या परिसरात अमेरिकी रुग्णालयांच्या कागदपत्रांवर काम करणारे कोडर हेच रूप वापरतात. दोन्हींत छातीच्या उघड्या जखमेचे घर ‘एस२१’ हे आहे. अमेरिकी रूपात त्यापुढील स्थाने जखम छातीच्या पुढल्या भिंतीवर आहे की मागल्या, चिरलेली आहे की भोसकलेली, आत परकी वस्तू राहिली का, बाजू उजवी की डावी, हे क्रमाने सांगतात. सातवे अक्षर उपचाराचा टप्पा दाखवते. जखमेवर प्रत्यक्ष उपचार चालू असताना ‘ए’, ती भरत असतानाच्या देखरेखीसाठी ‘डी’ आणि ती भरल्यानंतर मागे राहिलेल्या परिणामासाठी, ज्याला कोडर ‘सिक्वेला’ म्हणतात त्यासाठी, ‘एस’.

या सर्वांत निर्णायक प्रश्न खोलीचा असतो. त्वचा, स्नायू, बरगड्या आणि बरगड्यांमधील स्नायू मिळून छातीची भिंत बनते. तिच्या आतल्या बाजूला फुप्फुसावरणाचे पातळ अस्तर असते आणि ते भेदले गेले की जखम छातीच्या पोकळीत शिरली असे म्हणतात. भिंतीपुरती राहिलेली जखम केलॉइड, म्हणजे मूळ जखमेच्या कडा ओलांडून वाढणारा वण, मागे ठेवू शकते. किंवा प्रत्येक बरगडीच्या खालच्या कडेलगत धावणारी नस दुखावली असल्यास पट्ट्यासारखी पसरणारी वेदना उरते. पोकळीत शिरलेल्या जखमेत रक्त साठून ते पूर्णपणे निघाले नाही, तर फुप्फुसाभोवती तंतुमय कवच तयार होते, फुप्फुस पुरेसे फुलत नाही आणि माणूस थोड्याशा श्रमानेही दमतो. केवळ ‘छातीत दुखते’ एवढेच लिहिलेल्या कागदावरून या भिन्न अवस्था ओळखता येत नाहीत.

नियम असा की अशा वेळी दोन संकेत द्यावयाचे: आधी आज उरलेली अवस्था आणि मग तिला कारण झालेली जखम. डाव्या बाजूला, पुढल्या भिंतीवर, पोकळीपर्यंत न पोहोचलेली आणि आत काही न राहिलेली भोसकलेली जखम बरगड्यांमधील नसेचा विकार मागे ठेवून गेली असेल, तर ‘जी५८.०’ आणि त्यामागे ‘एस२१.१३२एस’ लिहिले जाते. जखमेत पू होणे किंवा ती उशिरा भरणे ही गुंतागुंत आहे, उत्तर-परिणाम नव्हे. तीव्र टप्पा संपल्यावर जे उरते तेवढेच ‘सिक्वेला’त मोडते, आणि अमेरिकी नियमांत त्याला काळाची मर्यादा नाही. जागतिक संघटनेचे मूळ रूप मात्र एक वर्ष किंवा त्याहून अधिक काळ टिकलेल्या परिणामांनाही या वर्गात घेते, आणि मान व धड यांवरील वरवरच्या इजा आणि उघड्या जखमा या सर्वांचे उत्तर-परिणाम ‘टी९१.०’ या एकाच संकेतात सामावते. तेथे डावे-उजवे, पुढचे-मागचे सारे पुसले जाते; म्हणून ते रूप वापरणाऱ्या ठिकाणी डॉक्टरांच्या हस्ताक्षरातील वाक्याचे मोल आणखी वाढते.

पुणे जिल्ह्यातील मावळ तालुक्यात हे काम विशेष अर्थपूर्ण होते, कारण येथील छातीवरच्या जखमांना या भूमीच्या जगण्यातूनच कारणे मिळाली आहेत. २००२ पासून पूर्णपणे खुल्या झालेल्या मुंबई–पुणे द्रुतगती मार्गावर आणि बोरघाटातील जुन्या रस्त्यावर वाहने आदळतात; त्या अपघातांच्या उत्तर-परिणामांसाठी जागतिक संघटनेच्या मूळ रूपात ‘वाय८५.०’ हा बाह्य कारणाचा संकेत आहे. भातखाचरात बैलाचे शिंग लागले किंवा काचकामात तुकडा उडून छातीत घुसला, तर ‘वाय८६’. आणि पैसा फंडाचा काच कारखाना १९०८ मध्ये ज्या तळेगाव दाभाड्यात उभा राहिला, तेथे कोडरने हेही जाणावे की शरीरात राहून गेलेल्या काचेच्या तुकड्याला अमेरिकी रूपात ‘झेड१८.८१’ असा स्वतंत्र संकेत आहे. ९ ऑगस्ट २०११ रोजी पवना जलवाहिनीला विरोध करणाऱ्या शेतकऱ्यांवर बऊरजवळ पोलिसांनी गोळीबार केला, त्यात तिघांचा मृत्यू झाला आणि इतर जखमी झाले. अशा कारवाईत लागलेल्या जखमेच्या उत्तर-परिणामांसाठीही ‘वाय८९.०’ हा संकेत मूळ वर्गीकरणाने राखून ठेवलेला आहे. रस्ता, शेत, कारखाना आणि आंदोलन यांनी माणसांच्या शरीरावर काय ठेवले, याचा हिशेब मांडण्याची सोय वर्गीकरणात आहे. उणीव राहते ती दुसरा संकेत लिहिण्याच्या कष्टाची.

हा दुसरा संकेत गळतो याची कारणे साधी आहेत. रुग्ण ‘जुना मार आहे’ एवढेच सांगतो, पहिले उपचार दुसऱ्याच गावच्या रुग्णालयात झालेले असतात, आणि तपासणीच्या घाईत डॉक्टर वेदनेचे औषध लिहून पुढच्या रुग्णाकडे वळतात. कोडरने येथे स्वतःच्या तर्काने कारण जोडणे हा अपराध ठरेल, कारण वेदना आणि वण एकाच जागी असले तरी एकातून दुसरे उद्भवले हे ठरवण्याचा अधिकार वैद्याचा आहे. परंतु विचारण्याचा अधिकार आणि कर्तव्य कोडरचे आहे. जखम केव्हा झाली, कशाने झाली, पोकळीत शिरली होती का, आणि आजची तक्रार तिचाच परिणाम आहे असे आपले मत आहे का, हे चार प्रश्न लेखी स्वरूपात डॉक्टरांकडे गेले आणि उत्तर केस पेपरवर उमटले, तर विम्याचा दावा असो, नुकसानभरपाईचा अर्ज असो की तालुक्याच्या आरोग्याचे नियोजन असो, प्रत्येकाला आधार मिळतो. केवळ पहिला संकेत असलेली नोंद माणसाला काय दुखते एवढेच सांगते. दुसरा संकेत ते दुखणे कोठून आले हे सांगतो, आणि त्या माहितीवाचून पुढची जखम टाळण्याचा विचार कोणालाही सुरू करता येत नाही.