खरे सांगणारा माणूस हवा

नौदलातून कमांडर म्हणून निवृत्त झालो आणि रत्नागिरीला राहायला आलो, तेव्हा भेटायला येणाऱ्या प्रत्येकाच्या तोंडी एकच वाक्य असे : "आमच्या पोराला नेव्हीत चिकटवा की." चिकटवणे माझ्या हातात नव्हते. पण त्या पोरांना भेटू लागलो आणि निवृत्तीनंतर काय करायचे हा प्रश्न उरला नाही. दर रविवारी सकाळी एका शाळेच्या मैदानावर आम्ही जमतो.

माझ्या लहानपणी आमच्या आळीतली पुष्कळ माणसे बोटीवर होती, पण अधिकारी झालेला कोणी नव्हता. राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीची, म्हणजे एनडीएची, जाहिरात वर्गात वाचून दाखवणारे एक गुरुजी भेटले, म्हणून मी खडकवासल्याला पोहोचलो. तिथली तीन वर्षे, मग कोचीला प्रशिक्षण जहाज आणि पुढे सगळी उमर समुद्रावर.

समुद्राने शिकवलेली पहिली गोष्ट म्हणजे वॉच सोपवण्याची रीत. रात्री बारा ते चारचा वॉच घेणारा अधिकारी थोडा आधीच ब्रिजवर येऊन उभा राहतो. ब्रिजवर अंधार असतो आणि डोळे त्याला सरावल्याशिवाय ताबा घ्यायचा नसतो. जाणारा अधिकारी जहाजाची दिशा, वेग, आसपासची जहाजे, इंजिनाची अवस्था आणि कॅप्टनचे रात्रीचे हुकूम एकेक करून सांगतो. काही बिघडले असेल तर तेही सांगतो. तिथे झाकपाक केली तर शेकडो माणसांचा जीव धोक्यात येतो.

दुसरी गोष्ट २६ डिसेंबर २००४ची. नाताळचा दुसरा दिवस, त्यात रविवार. त्सुनामीची बातमी आली, सुट्टीवरची माणसे परत बोलावली गेली आणि काही तासांत आपली जहाजे मदत घेऊन श्रीलंका आणि मालदीवकडे निघाली. मी तेव्हा किनाऱ्यावरच्या नेमणुकीवर होतो. त्या दिवशी कोणी वेगळे शौर्य गाजवायला निघाले नव्हते. रोजच्या सरावातले आपापले काम जो तो चोख करत होता.

मुलांना मी याच दोन गोष्टी देऊ पाहतो : खरे बोलणे आणि नेमून दिलेले काम चोख करणे.

अधिकारी व्हायचे तर याच दोन गोष्टी कामी येतात. अधिकारी निवडणाऱ्या मंडळाची, म्हणजे एसएसबीची, निवड पाच दिवस चालते. पंधरा गुण पाहिले जातात. एकेक शब्द दाखवून पंधरा सेकंदांत वाक्य लिहायला लावतात, असे साठ शब्द. अर्ध्या तासात साठ प्रसंगांना उत्तरे द्यायची. पाठ केलेले सोंग या वेगात टिकत नाही. म्हणून मैदानावर फळी, बल्ली आणि दोर घेऊन आम्ही अडथळे ओलांडतो, आणि सावलीत बसून बोलतो.

मिरकरवाड्यातला एक मुलगा पहिल्यांदा आला तेव्हा नेव्हीत का जायचे, यावर त्याने देशसेवेचे घोटलेले भाषण ऐकवले. मी म्हटले, "ते राहू दे. या आठवड्यात काय केलेस ते सांग."

"काय नाय सर. बाबांसंगती होडीवर गेलतो. इंजिन बंद पडला."

"मग?"

डिझेलच्या लायनीत हवा धरली होती. याने काकाला नांगर टाकायला सांगितले, फिल्टर काढून पुसला, लायनीतली हवा सोडली, हँडल मारले. दोनदा इंजिन घुरघुरून थांबले, तिसऱ्यांदा लागले. सांगताना त्याचे हात आपोआप चालत होते. मी त्याला म्हटले, "हेच सांगायचे. जसे घडले तसे."

मुलीही येतात. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२१च्या आदेशाने एनडीएचे दार त्यांना उघडले आणि ३० मे २०२५ रोजी पहिल्या तुकडीतल्या १७ जणी तिथून बाहेर पडल्या. एनडीएची तयारी करून घेणारी सेवापूर्व शिक्षण संस्था आता नाशिकला मुलींसाठीही आहे. मुलांसाठी ती संभाजीनगरला १९७७पासून आहे. तरी दहावीतच तिथला अर्ज भरायचा असतो, हे कितीतरी घरांत आजही ठाऊक नसते.

खरे सांगणे म्हणजे कडू तेही सांगणे. बहुतेक मुले एसएसबीतून परत येतात. अग्निवीराची सेवा चार वर्षांची, पुढे कायम होतात फार तर पंचवीस टक्के. हे ऐकून मग कोणी भरती झाला, तर तो डोळे उघडे ठेवून जातो. मर्चंट नेव्हीच्या नावाखाली एजंटांनी लुबाडलेली घरे मी पाहिली आहेत. एका बापाने त्यासाठी आंब्याची कलमे गहाण टाकली होती.

म्हणून पालकांना कळकळीने सांगतो : जहाजावरच्या नोकरीसाठी खलाशाकडून पैसे घेणे बेकायदा आहे. भरती करणाऱ्याकडे नौवहन महासंचालनालयाचा खलाशी भरतीचा आरपीएसएल परवाना आहे का, प्रशिक्षण संस्था मान्यताप्राप्त आहे का, ते महासंचालनालयाच्या संकेतस्थळावर पाहा आणि मगच सही करा. आणि निवृत्त होऊन गावी आलेल्या माझ्या सैनिक, नौसैनिक बंधूंना विनंती : आठवड्यातली एक सकाळ जवळच्या शाळेला द्या. आपल्याला जे ठाऊक आहे, ते पुढच्या पिढीला सांगणे ही आपली अजून न संपलेली ड्यूटी आहे.