दुसऱ्या बाजूचे गाणे

१/ ग्रामोफोनच्या तबकडीला दोन बाजू असत. ‘सिंगल’ निघे तेव्हा खपणारे गाणे पहिल्या बाजूवर जाई. दुसरी बाजू कोरी राहू नये म्हणून तिच्यावर आणखी एखादे गाणे असे. ही ‘बी-साइड’. इतिहासाच्या विद्यार्थ्याने ती अवश्य ऐकावी.

२/ २००२ साली ‘आयर्न मेडन’ या ब्रिटिश हेवी मेटल बँडने ‘एडीज आर्काइव्ह’ नावाची धातूची पेटी प्रकाशित केली. तिच्यात ‘बेस्ट ऑफ द बी-साइड्स’ हा दोन सीडींचा संच होता. १९८० च्या ‘रनिंग फ्री’मागचे ‘बर्निंग ॲम्बिशन’ त्यात आहे. ‘रीच आउट’ही आहे, आणि ते मुख्य गायक ब्रूस डिकिन्सन याने नव्हे, तर गिटारवादक ॲड्रियन स्मिथ याने गायिले आहे.

३/ ‘टोटल एक्लिप्स’ ही अशीच आणखी एक बी-साइड. फेब्रुवारी १९८२ मध्ये ‘रन टू द हिल्स’ची तबकडी अल्बमच्या आधी बाजारात आली. तिच्या मागे कोणते गाणे द्यायचे, हे घाईत ठरले. ‘गँगलँड’ अल्बममध्ये गेले आणि ‘टोटल एक्लिप्स’ मागे राहिले. ही निवड चुकली, असे बँडचा संस्थापक स्टीव्ह हॅरिस याने पुढे मान्य केले.

४/ १ फेब्रुवारी २००८ रोजी या बँडचा जागतिक दौरा मुंबईतून, वांद्रे-कुर्ला संकुलातून सुरू झाला. भर होता ऐंशीच्या दशकातील गाण्यांवर. ‘रन टू द हिल्स’ वाजले. त्याच तबकडीची दुसरी बाजू मात्र मुकीच राहिली.

५/ अखेर २०२२ मध्ये अल्बमच्या चाळिसाव्या वर्षी निघालेल्या विनाइल आवृत्तीत ‘गँगलँड’च्या जागी ‘टोटल एक्लिप्स’ आले. चाळीस वर्षांनी न्याय मिळाला, कारण नाकारलेले गाणेही ध्वनिमुद्रित होते.

६/ आता मुंबईहून रेल्वेने सुमारे हजार किलोमीटर पूर्वेला, गोंदियाकडे वळावे. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली ही झाडीपट्टी. दिवाळीनंतर गावोगावी मंडई भरते, दंडार रंगते, रात्र रात्र नाटके चालतात. तेथील गीत त्या रात्रीचे, त्या गळ्याचे असते. ते कोणी टिपून ठेवले नाही, तर त्याला ना पहिली बाजू, ना दुसरी.

७/ मागे पडणे आणि नाहीसे होणे यांत हाच फरक आहे. मागे पडलेले शोधता येते. न नोंदलेले गाणाऱ्याबरोबर जाते. म्हणून संग्रहातील प्रत्येक दुर्मीळ गाण्याइतकीच महत्त्वाची असते ती साधी नोंद: कोणी गायिले, कोणत्या गावी, कोणत्या साली. यंदाच्या मंडईत हातातल्या मोबाइलवर एवढे टिपले गेले, तरी झाडीच्या इतिहासाला एक बाजू मिळेल.