आकड्यामागचं कारण

एअरबस ए-३२० च्या मॅन्युअलमधलं मर्यादांचं प्रकरण वाचायला अगदी कोरडं. कमाल वेग ३५० नॉट किंवा माक ०.८२. फ्लॅप काढायचे ते २०,००० फुटांच्या खाली. टेकऑफला ब्रेकचं तापमान ३०० अंशांच्या आत. आकडा दिला, एकक दिलं, विषय संपला. कारण बहुधा दुसऱ्याच खंडात असतं आणि ते शोधायला सवड काढावी लागते.

ब्रेकचंच घ्या. टेकऑफनंतर चाकं विमानाच्या पोटात जातात. तापलेल्या ब्रेकवर हायड्रॉलिक तेल गळलं, तर ते पेटू नये म्हणून ३०० ची अट. ब्रेकचे पंखे चालू असतील तर हीच मर्यादा १५० वर येते; कारण वाऱ्याने सेन्सर आधी निवतो, ब्रेक मात्र आतून तापलेलाच असतो.

मे महिन्यात नागपूरला हे नीट कळतं. विमान जागेवर लागल्यावरही आकडा काही वेळ चढतच राहतो. मग पाच-पाच अंशांनी उतरतो: ३१५, ३१०, ३०५. दारं बंद झालेली, प्रवासी पट्टे बांधून बसलेले आणि पडद्यावर एकाच चाकाचा आकडा अजून पिवळा. खालून विचारणा होते, ‘‘कॅप्टन, पाच अंशांनी काय होतंय?’’

बहुधा काहीच होणार नाही. मर्यादा ओलांडली की विमान तिथेच मोडतं, असं नसतं. सेवेत येऊ शकेल त्या सर्वांत मोठ्या भाराच्या दीडपट भार पंखाने पेलावा, असा नियम आहे. बोइंग ७७७ चा पंख १९९५ च्या चाचणीत मुद्दाम वाकवत नेला, तेव्हा तो १५४ टक्क्यांवर मोडला. पण वरची ही शिल्लक वैमानिकाने खर्च करायची नसते. धातूतला दोष, झीज, अंदाजातली चूक यांच्यासाठी ती राखून ठेवलेली आहे.

काही आकड्यांची जात मात्र वेगळी. ए-३२० उतरवताना आडवा वारा ३३ नॉट, झोत ३८ पर्यंत, असं लिहिलेलं असतं. ही विमानाची ताकद संपल्याची खूण नव्हे. चाचणी-वैमानिकांनी तेवढ्या वाऱ्यात उतरून दाखवलं, इतकाच त्याचा अर्थ. ३९ ला काय होईल याची हमी कोणी दिलेली नाही आणि ती मिळवण्याचा प्रयोग प्रवासी घेऊन करायचा नसतो.

नव्या फर्स्ट ऑफिसरांना आकडे घडाघडा पाठ असतात. तोंडी परीक्षेत कोणी अडखळलं, तर मी मॅन्युअल उघडून बघू देतो. कारण सांगता आलं नाही, तर मात्र पुन्हा यायला सांगतो. प्रवासी खोळंबलेले असताना ३०५ च्या ब्रेकवर ‘थांबू या’ म्हणायचं, तर नुसत्या पाठांतराचा जोर पुरत नाही.