चौऱ्याऐंशी तास

रात्री झोपलेला वॉचमन कामचुकार, त्याला बदलून टाका, असं मी आमच्या सोसायटीच्या कमिटीत अनेक वर्षं ठामपणे मांडत आलो. एजन्सीला फोन केला की दुसऱ्या दिवशी नवा माणूस हजर होई. मला ती सोय फार बरी वाटे. आता तसं वाटत नाही, आणि हे मत मी हिशेब मांडून बदललं आहे.

गेट आठवड्याचे 168 तास सांभाळावं लागतं. मुंबईत कितीतरी सोसायट्यांत एका गेटवर दोघंच असतात, बारा-बारा तासांचे. म्हणजे माणशी 84 तास. सुट्टी घेतली की खाडा लागतो, पगार कापला जातो. रिलीव्हर आला नाही तर तोच माणूस डबल ड्यूटी करतो, सलग चोवीस तास. कारखान्यात आठवड्याला 48 तासांची मर्यादा कायद्याने आहे. ती गेटला लावली तर साडेतीन माणसं लागतात. आपण दोघांत भागवतो आणि उरलेल्या दीड माणसाचं काम त्यांच्या झोपेतून वसूल करतो. मग पहाटे चारला डोळा लागला तर फोटो काढून ग्रुपवर टाकतो!

काम तरी किती! पाण्याची मोटर, टँकर, कुरिअरची पार्सलं, अ‍ॅपवरच्या नोंदी, लिफ्टमध्ये अडकलेली माणसं. आणि अनेक इमारतींत त्याला साधं स्वच्छतागृह नाही.

याच महाराष्ट्रात माथाडींच्या 1969 च्या कायद्यामागोमाग 1981 मध्ये खाजगी सुरक्षा रक्षकांसाठी कायदा झाला, मंडळं आली. मंडळाच्या रक्षकाला फंड, ग्रॅच्युइटी मिळते. तेव्हा हे अशक्य आहे, असं मला कुणी सांगू नये.

वीस हजार पगार धरला तर दीड माणसाचे तीस हजार होतात. ऐंशी घरांत वाटले तर घरटी महिना 375 रुपये.

एक आक्षेप मात्र खरा आहे. आठ तासांचा पगार कमी झाला तर वॉचमन दुसरीकडे आणखी एक ड्यूटी धरेल, त्याला गावी पैसे पाठवायचेच असतात. म्हणून आज बारा तासांना जे मिळतं तेच आठ तासांना द्यायचं, असा ठराव मी येत्या सर्वसाधारण सभेत मांडणार आहे. विरोध होईल. पहिला विरोध बहुधा ज्यांना मी आजवर माझ्या बाजूने बोलायला लावलं, त्यांचाच असेल.